मधलं नाव

माझे वडील नट होते. जवळजवळ पन्नास वर्षं त्यांनी मराठी रंगभूमीवर काम केलं, आणि त्यातली मधली वीसेक वर्षं अशी होती की बाबांना घेऊन आम्हाला साधी भाजी आणायलाही जाता यायचं नाही. त्यांचं नाव मी इथे लिहीत नाही. नाव आलं की पुढचं सगळं त्यांचं होतं, हे मी लहानपणापासून पाहत आले आहे, आणि मला लिहायचं आहे ते मी भारताचं नागरिकत्व सोडून अमेरिकेचं घेतलं त्याबद्दल. गेली काही वर्षं ओळखीतल्या बऱ्याच जणी मला त्याबद्दल विचारतात. फॉर्म कुठला, फी किती, परीक्षा अवघड असते का. तेवढं सांगून मी फोन ठेवते आणि मग दिवसभर उरलेलं आठवत बसते.

आम्ही दादरला राहायचो. शिवाजी मंदिर नाट्यगृह घरापासून चालत दहा मिनिटांवर. शनिवार-रविवार बाबा घरी नसायचे. सुट्टीच्या दिवशी दोन-दोन, कधी तीन प्रयोग असायचे. मे महिन्यात दौरे: विदर्भ, कोकण, गोवा. नाटकाची बस पहाटे गल्लीच्या तोंडाशी येऊन थांबायची आणि आई खिडकीतून डबा विसरला म्हणून हाका मारायची. मला कधीमधी प्रयोगाला नेत. मी विंगेत एका ट्रंकेवर बसून नाटक पाहायची. पहिल्या घंटेआधी पडदा बंद असताना बाबा एकटे रंगमंचावर फिरायचे, मधेच थांबून मान जराशी वळवायचे, पुढे जायचे. काय करता असं मी विचारलं तर मला हाताला धरून मधोमध नेऊन उभं केलं आणि म्हणाले, "लाइट डोळ्यांनी शोधायचा नसतो. डोळे दिपतात. गालाला ऊब लागते बघ. ती लागली की समजायचं, आता आपण लोकांना दिसतोय." मला ऊब लागली नाही. मी लागली म्हणून सांगितलं.

शाळेत, बसमध्ये, दवाखान्यात, जिथे म्हणून माझं पूर्ण नाव घेतलं जाई तिथे लोक मान वर करून पाहत. आपल्याकडे मुलीच्या नावात मधे वडिलांचं नाव येतं, मग आडनाव, म्हणजे बाबांचं अख्खं नाव माझ्या नावाला जोडलेलंच होतं. "तू त्यांची?" दहा-अकरा वर्षांची असताना मी एक उत्तर शोधून काढलं: "नाही हो, नाव सारखं आहे फक्त." एकदा हे आईच्या कानावर गेलं. ती रागावली नाही, नुसती माझ्याकडे बघत राहिली. कॉलेजात एकांकिका स्पर्धेत काम केलं, आठ वाक्यांचं. निकालाच्या बातमीत माझ्या वाटच्या दोन ओळींपैकी दीड ओळ बाबांवर होती. त्यानंतर मी स्टेजवर पाय ठेवला नाही. बाबांनी कारण विचारलं नाही. त्यांना कळलं होतं असं मला वाटतं.

२००० साली माझं लग्न झालं. नवरा सॉफ्टवेअरमध्ये होता, त्याला अमेरिकेतली नोकरी मिळाली होती. व्हिसासाठी माझा पासपोर्ट नव्या नावाने काढला: माझं नाव, त्याचं नाव, त्याचं आडनाव. बाबांचं नाव गेलं ते शेवटच्या पानावर, जिथे तेव्हा वडील, आई, पती आणि पत्ता छापलेला असायचा. पासपोर्ट हातात आला तेव्हा मला हलकं वाटलं होतं. आज हे लिहिताना बरं वाटत नाही, पण तसं झालं होतं खरं.

न्यू जर्सीत एडिसनला आलो. मी एच-फोर व्हिसावर, म्हणजे नवऱ्याच्या व्हिसाला जोडून आलेली बायको. तेव्हा एच-फोरवर नोकरी करता यायची नाही, कुठल्याच कारणाने नाही. त्या व्हिसावरच्या काहींना परवानगी मिळायला लागली ती २०१५ पासून. पहिले काही महिने मला फार आवडले. दुकानात, बसथांब्यावर, बँकेत माझ्याकडे कुणी दुसऱ्यांदा बघत नसे. मी रस्त्यातून उगाच लांबचा फेरा घेऊन घरी येई. मग हिवाळा आला आणि लक्षात आलं की आता मी कुणाची मुलगी नाही हे खरं, पण दुसरंही कुणी नाही. माझ्या नावावर काही म्हणजे काही नव्हतं. दोन मुलं झाली, त्यांच्यात दिवस जाऊ लागले.

बाबांचं नाटक एकदा अमेरिकेच्या दौऱ्यावर आलं. आमच्या भागातल्या एका शाळेच्या सभागृहात प्रयोग होता. मी आधी जाऊन बसले होते. पडद्याला फट होती, तिच्यातून दिसलं: शाळेचे ते भिंतीला ठोकलेले दिवे, आणि बाबा रिकाम्या स्टेजवर गाल वळवून वळवून ऊब शोधत होते.

ग्रीन कार्डाची, म्हणजे अमेरिकेत कायम राहायच्या परवान्याची, रांग भारतात जन्मलेल्यांसाठी फार लांब असते, कारण कुठल्याही एका देशाला वर्षाच्या एकूण व्हिसांपैकी सात टक्क्यांहून जास्त मिळत नाहीत. आम्ही त्या रांगेत होतो. २००७ च्या जूनमध्ये अचानक जाहीर झालं की नोकरीवरून ग्रीन कार्ड मागणाऱ्यांपैकी जवळजवळ सगळ्यांना जुलैत शेवटच्या टप्प्याचा अर्ज भरता येईल. मग दोन जुलैला ते मागे घेतलं. मग सतरा जुलैला पुन्हा दिलं, सतरा ऑगस्टपर्यंत. त्या महिन्यात ओळखीतल्या प्रत्येक मराठी, तेलुगू, गुजराती घरात एकच गोष्ट चालू होती: कागद. वैद्यकीय तपासणी, लसी, फोटो, जन्माचे दाखले. आणि माझ्या जन्माच्या दाखल्यावर माझं नावच नव्हतं. 'मुलगी' एवढंच. त्या काळी पुष्कळांचं असं असे. बाळ जन्माला आलं की नोंद व्हायची, नाव बारशाला ठेवायचं आणि ते पालिकेला कळवायचं राहून जायचं. आता वडिलांचं प्रतिज्ञापत्र हवं होतं.

मी फोन केला. बाबा तेव्हा सदुसष्ट वर्षांचे. म्हणाले, "बघतो." दुसऱ्या दिवशी ते स्वतः वॉर्ड ऑफिसात गेले. दादाने नंतर सांगितलं की तिथे चहा आला, खुर्च्या ओढल्या गेल्या, वरच्या मजल्यावरच्या बायका खाली आल्या, आणि एरवी ज्याला आठवडा लागतो तो नवा दाखला त्यांना तासाभरात मिळाला. मग ते नोटरीकडे गेले. तिथल्या टायपिस्टने इंग्रजीत मजकूर तयार केला होता आणि व्यवसायाच्या जागी 'फिल्म अँड ड्रामा आर्टिस्ट' असं टाइप केलं होतं. बाबांनी ते शब्द पेनाने खोडले, वर 'अॅक्टर' लिहिलं आणि बाजूला छोटी सही केली. खाडाखोड असलेला स्टॅम्पपेपर चालेल का म्हणून दादा घाबरला, तर बाबा म्हणाले, "शपथेवर लिहून द्यायचं आहे ना? मग खरं ते लिहू दे." तो कागद कुरियरने आला. खाली लिहिलेलं होतं की अमुक तारखेला मुंबईत जन्मलेली ही मुलगी माझी आहे, हे मी शपथेवर सांगतो. मी 'नाव सारखं आहे फक्त' म्हणत होते त्या वयाची व्हायला माझ्या थोरल्या मुलीला तेव्हा अजून काही वर्षं होती. मी तो कागद झेरॉक्सला नेताना दोन प्लास्टिकच्या पिशव्यांत घालून नेला.

त्या अर्जामुळे मला काम करायचा परवाना मिळाला. मी गावातल्या सार्वजनिक ग्रंथालयात अर्धवेळ लागले, पुढे ग्रंथालयशास्त्र शिकले, कायम झाले. ग्रीन कार्ड यायला २०१२ उजाडलं. ही वर्षं माझी चांगली गेली, त्याबद्दल सांगण्यासारखं फार नाही.

आई २०१६ मध्ये गेली. बाबा दादा-वहिनींबरोबर होते, पण त्यांनी प्रयोग थांबवले होते आणि ते दिवसेंदिवस गप्प होत चालले होते. मला त्यांच्याजवळ जाऊन राहायचं होतं, पंधरा दिवसांची पाहुणी म्हणून नाही, चांगलं वर्षभर. ग्रंथालयातून बिनपगारी रजा मिळत होती. ग्रीन कार्डावर ते जोखमीचं होतं. सहा महिन्यांपेक्षा जास्त बाहेर राहिलं की परत येताना प्रश्न विचारतात, आधी वेगळी परवानगी न घेता वर्ष उलटलं की कार्डच सोडून दिलं असं धरू शकतात. म्हणजे भारताची नागरिक असताना मला भारतात मनासारखं राहता येत नव्हतं. अमेरिकेची नागरिक झाले आणि ओसीआय कार्ड, म्हणजे परदेशी नागरिक झालेल्या भारतीयांना भारत सरकार देतं ते कार्ड, घेतलं की हवं तितकं राहता येणार होतं. मतदान नाही, शेतजमीन विकत घेता येणार नाही, बाकी बहुतेक सगळं येईल. मी हे बाबांना फोनवर समजावून सांगितलं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "म्हणजे इथे राहायला यायचं म्हणून तू इथली राहणार नाहीस?" मी हो म्हटलं. "बरं," म्हणाले. त्या 'बरं'मध्ये काय होतं ते मला अजून सांगता येत नाही.

ऑगस्ट २०१८ मध्ये मी एन-४००, म्हणजे नागरिकत्वाचा अर्ज, भरायला बसले. फी ७२५ डॉलर. पाच वर्षांतले देशाबाहेरचे प्रवास तारखेनिशी लिहायचे, कधी तुरुंगात गेलात का, कर भरलात का, वापरलेली सगळी नावं द्या. तिथे मी माहेरचं नाव लिहिलं. त्याखाली प्रश्न होता: कायद्याने नाव बदलून हवं आहे का?

मी नेहमी फॉर्म आधी कोऱ्या कागदावर भरून बघते. तसा भरत असताना मी माझा भारतीय पासपोर्ट समोर उघडून ठेवला होता आणि शेजारी मुलीचा अमेरिकन पासपोर्ट. तिच्या पासपोर्टात वडिलांचं नाव कुठेच नाही. आईचंही नाही. शेवटचं पानच तसं नाही. तेव्हा मला कळलं की माझा निळा पासपोर्ट जाईल त्याबरोबर बाबांचं नाव माझ्या कागदांतून पुरतं जाणार. अठरा वर्षांपूर्वी मी त्यांना मधून काढून मागच्या पानावर ठेवलं होतं, आता तेही पान राहणार नव्हतं. रात्री नवऱ्याला विचारलं. तो म्हणाला, "तुझंच आहे, घे की." मी 'हो' वर खूण केली आणि माझं लग्नाआधीचं पूर्ण नाव लिहिलं: माझं, बाबांचं, आमचं आडनाव. हात थरथरत होता हे मला आठवतं.

एप्रिल २०१९ मध्ये न्यूअर्कला मुलाखत झाली. नागरिकशास्त्राचे शंभर प्रश्न पाठ करून जायचे असत, त्यातले दहापर्यंत विचारत आणि सहा बरोबर आले की थांबत. माझे पहिले सहा बरोबर आले. त्यात एक होता: नागरिक होताना तुम्ही कुठलं एक वचन देता? पुस्तिकेतलं पहिलं उत्तर मला पाठ होतं, दुसऱ्या देशांशी असलेली निष्ठा सोडेन. ते म्हणताना आवाज नीट निघाला नाही. मग एक वाक्य वाचायचं, एक लिहायचं. अधिकारी बाई माझ्याच वयाच्या असतील, शांत होत्या. नावबदलाच्या अर्जावर सही घेताना त्यांनी विचारलं,

"हे नवं नाव कुणाचं?"

"माझंच आहे. लग्नाआधीचं."

"आणि मधलं?"

"वडिलांचं. आमच्याकडे मुलीच्याही नावात मधे वडिलांचं नाव असतं."

"छान आहे. काय करतात ते?"

"नट आहेत."

त्यांनी टाइप करायचं थांबवून वर पाहिलं. "मी त्यांचं काही पाहिलं असेल का?"

"नाही," मी म्हटलं.

तो नकार मला झोंबला. मी एवढ्या लांब आले होते ती नेमक्या ह्यासाठी, समोरच्या माणसाला माझे वडील माहीत नसावेत म्हणून. एकोणीस वर्षं ते मला रोज मिळत होतं. त्या खोलीत मात्र मला त्या बाईंना थांबवून सांगावंसं वाटलं की बाबांच्या प्रवेशाला टाळ्या पडायच्या तेव्हा ते टाळ्या संपायची वाट बघत नसत. त्या विरत आल्या की अगदी हलक्या आवाजात पहिलं वाक्य सुरू करत, आणि हजार माणसं ते ऐकायला एकदम पुढे झुकत. ते झुकण्याचा आवाज विंगेत येतो. खुर्च्यांचा. हे इंग्रजीत कसं सांगायचं ते मला सुचलं नाही. बाईंनी शिक्का मारला आणि अभिनंदन म्हणाल्या.

नाव बदलायचं असेल तर शपथ न्यायाधीशापुढे घ्यावी लागते, त्यामुळे ज्यांना नाव तेच ठेवायचं होतं त्यांच्यापेक्षा मला तारीख उशिरा मिळाली. जुलैच्या सुरुवातीला कोर्टात बोलावणं आलं. दाराशीच ग्रीन कार्ड काढून घेतात. आम्ही शंभरच्या वर माणसं असू. न्यायाधीश एकेक तुकडा म्हणणार, आम्ही मागून म्हणायचं. सगळे राजे, सत्ताधीश, राज्यं यांच्याशी असलेली निष्ठा पूर्णपणे सोडून देते, असं त्या शपथेत आहे, जुन्या वळणाच्या जड शब्दांत. माझ्या शेजारची म्हातारी बाई शब्द अर्धवट गिळत होती, मी तिच्यासाठी जरा मोठ्याने म्हटलं, विंगेतून वाक्य पुरवतात तसं. नंतर प्रत्येकाला नावाने बोलावलं. माझं पूर्ण नाव, बाबांच्या नावासकट, त्या सभागृहात मोडक्या उच्चारात मोठ्याने वाचलं गेलं, आणि कुणीही मान वर करून पाहिलं नाही. मी प्रमाणपत्र घेतलं, छोटा झेंडा घेतला, आणि गाडीत बसल्यावर रडले.

भारत दुहेरी नागरिकत्व मानत नाही. १९५५ च्या कायद्याप्रमाणे दुसऱ्या देशाचं नागरिकत्व आपणहून घेतलं की भारताचं त्याच क्षणी संपतं. पर्समधला माझा निळा पासपोर्ट दिसायला तसाच होता, मुदत २०२० पर्यंत होती, पण त्यावर प्रवास करणं आता गुन्हा होता. पहिल्या अमेरिकन पासपोर्टासाठी स्वतः जाऊन अर्जाबरोबर मूळ प्रमाणपत्र द्यायचं असतं आणि पुढे काही आठवडे थांबायचं. ह्या मधल्या दिवसांबद्दल मला कुणी नीट सांगितलं नव्हतं. आता मी विचारणाऱ्या प्रत्येकीला आधी हे सांगते: शपथ आणि पासपोर्ट यांच्यामधे तुम्ही देशाबाहेर कुठेही जाऊ शकत नाही. घरी आजारी माणूस असेल तर ती तारीख विचार करून घ्या.

सहाव्या दिवशी, गुरुवारी संध्याकाळी दादाचा फोन आला. बाबांना पक्षाघात झाला होता. उजवी बाजू गेली होती, वाचा गेली होती, अतिदक्षता विभागात होते.

प्रमाणपत्र मी अजून अर्जाबरोबर दिलं नव्हतं, एवढीच काय ती कृपा. शुक्रवारी पासपोर्ट एजन्सीच्या नंबरवर तास-दीड तास थांबून सोमवारची वेळ मिळवली. रुग्णालयाचं पत्र दादाने फोटो काढून पाठवलं. सोमवारी न्यूयॉर्कला २०५ डॉलर भरले, दुपारी पासपोर्ट हातात आला. फोटो आदल्या दिवशी औषधाच्या दुकानात काढला होता, डोक्यावरच्या ट्यूबलाइटखाली, रात्रभर न झोपलेल्या तोंडाने.

मंगळवारी सकाळी मी व्हिसाच्या काउंटरवर होते. तातडीचा व्हिसा मिळतो, पण जुना पासपोर्ट रद्द करून घ्यावा लागतो. काउंटरवरच्या मुलाने दोन्ही पासपोर्ट शेजारी ठेवले, एकावर बोट ठेवलं, मग दुसऱ्यावर.

"मॅडम, नाव जुळत नाही."

जुन्या पासपोर्टात माझ्या नावापुढे नवऱ्याचं नाव आणि आडनाव. नव्यात बाबांचं. मी प्रमाणपत्र दाखवलं. त्याला कोर्टाचा नावबदलाचा कागद आणि लग्नाचा दाखला हवा होता. प्रमाणपत्रावर नवं नाव आहे म्हणजे पुरे, असं धरून मी ते दोन्ही घरी ठेवून आले होते. मी आणलेली सगळी फाइल त्याच्यापुढे ओतली. त्यात २००७ चं प्रतिज्ञापत्र होतं, त्या दोन पिशव्यांत. त्याने तेही वाचलं, पेनाने खोडलेल्या जागेपाशी थांबला. आणि मग मी म्हटलं, आयुष्यात पहिल्यांदा म्हटलं, "माझे वडील फार मोठे नट आहेत हो. महाराष्ट्रात कुणालाही विचारा."

मुलगा पंचवीस-सव्वीसचा असेल, बोलण्यावरून उत्तरेकडचा. त्याने अदबीने मान हलवली. "असतील, मॅडम. पण कागद लागेल."

त्याचं काही चुकलं नव्हतं. मी ट्रेनने घरी आले, कागद घेतले, बुधवारी पहाटे पुन्हा गेले. एक दिवस गेला. बाबांचं नाव मी परत घेतलं म्हणून बाबांपाशी पोचायला मला एक दिवस उशीर झाला, हे मी ट्रेनमध्ये बसून पुन्हा पुन्हा मनात म्हणत होते. बुधवारी संध्याकाळी व्हिसा मिळाला आणि रात्रीच्या विमानात जागा मिळाली.

मुंबईत उतरल्यावर मी सवयीने भारतीयांच्या रांगेकडे वळले आणि अर्ध्यात थांबले. परदेशी पासपोर्टांची रांग पलीकडे होती. तिथल्या अधिकाऱ्याने माझा पासपोर्ट उघडला, नाव वाचलं, पुन्हा वाचलं आणि मराठीत विचारलं, "त्यांच्या कोण तुम्ही?"

"मुलगी."

"पेपरात वाचलं मी. कसे आहेत आता?"

"माहीत नाही. तिकडेच चाललेय."

"जा, जा," असं म्हणत त्याने शिक्का मारला.

बाबा अतिदक्षता विभागातून बाहेर आले होते. मला पाहून त्यांनी डावा हात उचलला. त्यांना माणसं कळत होती, आपण बोललेलंही बरंच कळत होतं, शब्द मात्र येत नव्हता. वाचा शिकवायला येणाऱ्या बाईंनी समजावलं की बहुतेकांची भाषा मेंदूच्या डाव्या भागात असते, तिथे मार बसला की नेमका हवा तो शब्द सापडत नाही, पण वर्षानुवर्षं घोकलेलं कधीकधी आपोआप बाहेर येतं. अंक, वार, प्रार्थना. बाबांचं तसंच झालं. त्यांना 'पाणी' म्हणता येत नव्हतं. आणि एका दुपारी नर्स उशी सारखी करत असताना त्यांनी कुठल्याशा जुन्या नाटकातलं एक लांब वाक्य सबंध म्हटलं, जागच्या जागी विराम घेऊन, पहिल्यासारखं हलकं सुरू करून. नर्स घाबरली. बाबाही घाबरले. ते पुन्हा म्हणायचा प्रयत्न करत राहिले आणि काहीच आलं नाही, तेव्हा त्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं.

आठ दिवसांनी घरी आणलं. खिडकीपाशी त्यांचा पलंग हलवला. एके सकाळी मी माझे कागद त्यांना दाखवले. नवा पासपोर्ट त्यांनी डाव्या हातात घेतला, फोटोचं पान उघडलं आणि बराच वेळ बघत राहिले. मी वाट बघत होते. नाव त्याच पानावर होतं, ठळक अक्षरांत. त्यांनी मान हलवली, नकाराची, आणि बोट फोटोवर ठेवलं. माझ्या डोळ्यांखाली पडलेल्या सावलीवर. मग बोट छताकडे नेलं, पुन्हा फोटोवर आणलं आणि तोंड वाकडं केलं. लाइट वरून घेतला होता. चुकीचा घेतला होता.

त्यांनी नाव वाचलं की नाही ते मला कळलं नाही. मी दाखवलंही नाही.

ओसीआयच्या अर्जाला मला नवा फोटो लागणारच होता, दोन इंच बाय दोन इंच, मागे फिकट पार्श्वभूमी. मी दादाला म्हटलं, कोपऱ्यावरच्या स्टुडिओत जाऊन येते. बाबांनी पलंगावर हात आपटला. दादाला खुणेने कपाटाकडे धाडलं, एकेक चादर दाखवायला लावली, साध्या फिकट रंगाच्या चादरीवर मान डोलावली. ती वहिनीने भिंतीला लावली. मला स्टुलावर बसवलं. बाबांना ते पटेना. त्यांनी स्टूल खिडकीकडे दोन वेळा सरकवायला लावलं, एकदा मागे घ्यायला लावलं. बाहेर पाऊस पडत होता आणि खिडकीतून येणारा उजेड सगळीकडे सारखा, मऊ होता. मग त्यांनी मला जवळ बोलावलं, डाव्या हाताने माझी हनुवटी धरली आणि तोंड हळूच उजेडाकडे वळवलं, थोडं जास्त झालं म्हणून थोडं मागे आणलं, आणि तशीच जाऊन बस अशी खूण केली.

मी मान न हलवता चालत जाऊन बसले. दादाने फोन उचलला. बाबांनी हात वर करून त्याला थांबवलं, माझ्याकडे बघत राहिले, आणि मग हात खाली केला.